दोन राज्यांच्या शिवेवरची पोटगी : प्रस्तावना

पांढुर्णा आणि सौंसर या तालुक्यांत घराघरात मराठी बोलली जाते. इथली संत्री नागपूरच्या बाजारात जातात, सोयरिकी वरूड, काटोल, नरखेडकडे जुळतात. न्यायालय मात्र मध्य प्रदेशाचे आणि त्याचा कारभार हिंदीत. 1956 च्या राज्य पुनर्रचनेत हा पट्टा मध्य प्रदेशात राहिला. 2023 मध्ये दोन्ही तालुके छिंदवाड्यातून निघून वेगळा पांढुर्णा जिल्हा झाला. इथल्या मुलीचा संसार मोडला की सासर एका राज्यात आणि माहेर दुसऱ्या राज्यात, अशी वेळ तिच्यावर सहज येते. पोटगीच्या कायद्याचा अभ्यास इथून सुरू करावा असे मला वाटते. कायद्याची ताकद आणि त्याच्या अडचणी, दोन्ही इथे जवळून दिसतात.

वकील नसलेल्या वाचकाचेही या अभ्यासात मनापासून स्वागत आहे. मूळ तरतूद समजायला अवघड नाही. साधने असूनही नवरा बायकोला सांभाळत नसेल आणि तिला स्वतःचा निर्वाह करता येत नसेल, तर न्यायदंडाधिकारी दरमहा रक्कम ठरवून देतात. दंड प्रक्रिया संहितेचे कलम 125 ते हेच. 1 जुलै 2024 पासून त्याच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम 144 आले. घटस्फोट झालेली, पण पुन्हा लग्न न केलेली स्त्रीही त्यात येते. नवऱ्याने दुसरे लग्न केले असेल, तर त्याच्यासोबत न राहण्याचे ते रास्त कारण ठरते.

ही वाट मध्य प्रदेशातल्याच एका वृद्ध स्त्रीने रुंद केली. इंदूरच्या शाहबानो यांना खालच्या न्यायालयाने महिना 25 रुपये दिले होते, उच्च न्यायालयाने ते 179 रुपये 20 पैसे केले. 23 एप्रिल 1985 रोजी सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील घटनापीठाने तिचा हक्क कायम केला. पुढचे राजकारण सर्वांना ठाऊक आहे. माझ्या लेखी त्या खटल्यातली सर्वांत बोलकी गोष्ट म्हणजे तो 25 चा आकडा.

शिवेवरच्या स्त्रीसाठी याहून मोलाचे कलम फारसे कुणी सांगत नाही. नवरा जिथे आहे, बायको जिथे राहते किंवा दोघे शेवटी जिथे एकत्र राहिले, यांपैकी कुठेही अर्ज करता येतो. म्हणजे वरूडला दिलेली लेक सौंसरला माहेरी राहत असेल, तर ती सौंसरलाच दाद मागू शकते. आदेशाची अंमलबजावणीही नवरा जिथे सापडेल तिथले न्यायदंडाधिकारी करू शकतात. राज्याची शीव इथे आड येत नाही.

आड येतो तो उत्पन्नाचा पुरावा. नोकरदाराची पगारपत्रिका असते; संत्र्याची बाग आणि कपाशी असलेला माणूस ‘यंदा काहीच पिकले नाही’ म्हणतो, आणि जमीन बहुधा वडिलांच्या किंवा भावाच्या नावावर निघते. नागपूरच्या कुटुंब न्यायालयातून सुरू झालेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 4 नोव्हेंबर 2020 रोजी यावर उपाय सांगितला. दोन्ही पक्षांनी मालमत्तेचे आणि देण्याचे शपथपत्र द्यायचे, आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून धरायची. शेतकऱ्यांसाठी त्या निकालाला वेगळा नमुना जोडला आहे. त्यात जमिनीतला हिस्सा, पिके, तीन वर्षांचे उत्पन्न, जनावरे, बटाई असे सगळे विचारले आहे. म्हणून या भागातल्या अभ्यासकाला महाराष्ट्राचा सातबारा आणि मध्य प्रदेशाचा खसरा, दोन्ही वाचता आलेच पाहिजेत. पुष्कळ दावे याच कागदांवर उभे राहतात किंवा पडतात.

आदेश हाती आल्यावर वसुली उरतेच. थकलेल्या रकमेसाठी वॉरंट निघते, कैदही होऊ शकते; पण रक्कम देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो. ‘पुढच्या हंगामात देतो’ या शब्दावर थांबलेल्या बाईची ती मुदत निघून जाते.

1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने प्रत्येक स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. मराठी आणि हिंदी दोन्ही जाणणाऱ्या इथल्या तरुण वकिलांना आणि शिक्षकांना माझी विनंती आहे : गावातल्या अशा बाईला एवढे तरी सांगा, आणि तिचा हिंदी अर्ज सही करण्याआधी तिला मराठीत वाचून दाखवा.