पिस्तूल आणि रिव्हॉल्व्हर

ता. २१ डिसेंबर १९०९ रोजीं नाशिकच्या विजयानंद नाटकगृहांत ‘शारदा’ नाटकाच्या प्रयोगास आलेले कलेक्टर जॅक्सन अनंत लक्ष्मण कान्हेरे याच्या गोळीस बळी पडले. असे प्रसंग सांगतांना कोणी ‘पिस्तूल’ म्हणतो, कोणी ‘रिव्हॉल्व्हर’. दोन्ही शब्दांचा अर्थ एकच, असा समज सुशिक्षितांतही रूढ आहे. परंतु यंत्र म्हणून या दोन वस्तू भिन्न आहेत. आणि नाशिकच्या प्रकरणांत शस्त्र कोणत्या जातीचें होतें यास फार मोल आलें.

मराठींत या विषयाचे शब्द निरनिराळ्या वाटांनीं आले. तोफ तुर्कीतून, बंदूक अरबी-फारसींतून, तर पिस्तूल व काडतूस हे शब्द पोर्तुगीजांकडून. अवयवांना मात्र लोकांनीं घरगुती नांवें दिलीं. नळीच्या मागील छिद्रास ‘कान’, तेथें घालावयाच्या बारीक दारूस ‘रंजक’, ती पेटविणाऱ्या जळत्या दोरीस ‘जामगी’ किंवा ‘तोडा’, आणि चाप ओढतांच आपटणाऱ्या भागास ‘घोडा’! जामगीची बंदूक पावसांत निरुपयोगी होई. आणि पेटती जामगी लावलेलें शस्त्र कमरेस खोंचणें तर कोणासच शक्य नव्हतें. म्हणून हातांत मावणारें शस्त्र युरोपांत प्रचारांत आलें तें ठिणगी पाडणारें यंत्र निघाल्यावरच; प्रथम चाकाचें, मग गारेचें. तरीही एका नळींतून एकच बार निघे व पुन्हां ती ठासावी लागे. घोडेस्वार पिस्तुलांची जोडी बाळगीत, त्याचें कारण हेंच.

गारेचा भडका पाहून पाणपक्षी उडून जातात, या दुःखानें अलेक्झांडर फॉर्साइथ नांवाच्या स्कॉटिश धर्मोपदेशकानें १८०७ सालीं आघातानेंच पेट घेणाऱ्या मसाल्याचें पेटंट मिळविलें. (धर्मोपदेशकाची ही भूतदया नव्हती, हें उघड आहे!) त्यांतूनच पुढें तांब्याची टोपी निघाली. १८३६ सालीं अमेरिकेंत सॅम्युएल कोल्टनें फिरत्या दंडगोलाचें पेटंट घेतलें. त्या दंडगोलांत पांच-सहा घरें असतात. घोडा मागें ओढला कीं दंडगोल एक घर फिरून नवा बार नळीसमोर येतो. फिरणारें म्हणून तें रिव्हॉल्व्हर.

काडतूस आणि गोळी यांचीही अशीच गल्लत होते. आजचें काडतूस म्हणजे धातूची पुंगळी. तिच्या बुडाशीं टोपी, पोटांत दारू आणि तोंडाशीं गोळी. सुटते ती गोळी, पुंगळी मागें राहते. १८५७ सालच्या एन्फील्ड बंदुकीचें काडतूस मात्र कागदी होतें. तें दांतांनीं फाडून दारू नळींत ओतावयाची, अशी कवाईतीची रीत होती. म्हणूनच त्यावरील चरबीचा प्रश्न शिपायांच्या थेट धर्मास जाऊन भिडला. पुंगळी तेव्हां धातूची असती, तर ओठ लावण्याचा प्रसंगच आला नसता.

‘बाराबोर’ हा खेड्यापाड्यांतही ठाऊक असलेला शब्द नळीच्या रुंदीचा आहे. त्या नळींत नेमक्या बसणाऱ्या शिशाच्या बारा गोळ्यांचें वजन एक रत्तल भरतें. अर्थात् आंकडा जितका मोठा, तितकी नळी अरुंद.

ब्राउनिंग हें रिव्हॉल्व्हर नव्हे. अमेरिकन कारागीर जॉन मोझेस ब्राउनिंग यानें योजलेलीं हीं पिस्तुलें बेल्जममधील एर्स्टाल येथील कारखान्यांत होत. यांत काडतुसें मुठींतील पेटींत एकावर एक रचलेलीं असतात. बार उडाला कीं त्याच्याच धक्क्यानें वरील भाग मागें सरतो, रिकामी पुंगळी बाहेर फेंकली जाते आणि स्प्रिंगच्या जोरानें पुढें येतांना तो नवें काडतूस नळींत सारतो. यास ‘ऑटोमॅटिक’ म्हणण्याचा प्रघात पडला. पण प्रत्येक बारास चाप नव्यानें ओढावाच लागतो. रिव्हॉल्व्हरच्या पुंगळ्या दंडगोलांतच राहतात, पिस्तुलाच्या घटनास्थळीं पडतात. तपास करणाऱ्यास हा फरक मोलाचा.

१८७८ च्या हत्यारांच्या कायद्यामुळें हिंदी माणसास परवान्यावांचून शस्त्र बाळगण्याची बंदी होती. तेव्हां नाशिकचें ब्राउनिंग आलें कोठून, हाच सरकारपुढील मुख्य प्रश्न झाला. लंडनहून विनायक दामोदर सावरकर यांनीं चतुर्भुज अमीन याच्या सामानांतून वीस ब्राउनिंग पिस्तुलें धाडलीं होतीं, असें तपासांत निघालें. कान्हेरे, कृष्णाजी गोपाळ कर्वे व विनायक नारायण देशपांडे यांस ता. १९ एप्रिल १९१० रोजीं ठाण्याच्या तुरुंगांत फांशी झाली. सावरकरांस पहिली जन्मठेप डिसेंबर १९१० मध्यें झालीच होती. जॅक्सनच्या खुनास साहाय्य केल्याबद्दलची दुसरी ता. ३० जानेवारी १९११ रोजीं ठोठावण्यांत आली.