हजेरीतली आडनावं

आपल्या वर्गात पाटील इतके होते की सरांना 'रुकडीचा पाटील', 'आळत्याचा पाटील' अशी गाव लावून हाक मारावी लागे. पाटील, चौगुले, कुलकर्णी ही मुळात गावकारभारातली पदं. पाटील सारा वसूल करी, चौगुला त्याच्या हाताखाली, कुलकर्णी दप्तर लिही. म्हणूनच जैन, लिंगायत, मराठा, मुसलमान अशा सगळ्यांत पाटील सापडतात. आपल्या तालुक्यातल्या कुंभोजला १८८७ साली जन्मलेले कर्मवीर भाऊराव पाटील जैन होते. शाहू महाराजांनी १९१८ साली कुलकर्णी वतन मोडून पगारी तलाठी नेमले. महसुली पाटीलकी १९६२ च्या कायद्यानं गेली. दाखल्यावर मात्र दोन्ही आडनावं तशीच. 'रुकडीकर' मात्र खुद्द रुकडीत शोधू नका. ते गाव सोडल्यावर लागतं, हे पुण्या-मुंबईकडच्या मंडळींना ठाऊक असेलच.