नत्थाचा मूळपुरुष

‘पीपली लाइव्ह’ (२०१०) भोपाळजवळच्या बडवई गावात चित्रित झाला. बँकेच्या कर्जात जमीन जायची वेळ आलेली. आत्महत्या केली तर घरच्यांना सरकारी मदत मिळते असं कानावर येतं आणि मरायचा मान धाकट्या नत्थाच्या पदरात पडतो. नत्था झालेले ओंकारदास माणिकपुरी हे हबीब तन्वीरांच्या भोपाळमधल्या ‘नया थिएटर’चे नट. शेवटी नत्था मरत नाही. गावाच्या लेखी तो गेलेला असतो, प्रत्यक्षात गुडगावात एका बांधकामावर मजुरी करत असतो.

हा शेवट अनेकांना नवा वाटला. पण कर्जात बुडालेला शेतकरी मरण्याऐवजी मजूर होतो, ही वाट आपल्या पडद्यावर पाडली ती कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी, १९२५ साली. चित्रपट ‘सावकारी पाश’, अर्थातच मूक. सावकार जमीन गिळतो, शेतकरी शहर गाठतो आणि गिरणी कामगार होतो. पंचविशीही न गाठलेल्या व्ही. शांतारामांनी तो शेतकरी केला होता.

पेंटरांनी हा विषय घ्यावा याचं नवलच. मूळचे बाबूराव कृष्णराव मेस्त्री. नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवता रंगवता ‘पेंटर’ झाले. कॅमेरा विकत घेण्याऐवजी त्यांनी तो स्वतःच घडवला, शिष्य दामल्यांना हाताशी धरून. मग महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली आणि १९२० साली ‘सैरंध्री’ आणला. पुढे ‘सिंहगड’, ‘कल्याण खजिना’. म्हणजे सगळा मामला मुकुट आणि ढालतलवारींचा. पोशाख, चेहरे, हालचाली आधी कागदावर रेखाटायच्या आणि मगच कॅमेऱ्यापुढे उभं राहायचं, अशी त्यांची रीत. गंमत म्हणजे नाटकाचे पडदे रंगवलेल्या या माणसाने सिनेमातून मात्र रंगवलेला पडदा हटवला. मागे कापड टांगायचं नाही, खोली असलेला देखावा उभारायचा. शेतकऱ्याच्या घराची कहाणी सांगायची तर हे फार कामाचं. दरबार कापडावर खपून जातो. ज्या घरात माणसं राबतात, जेवतात ते घर खपत नाही.

गोष्ट नारायण हरी आपट्यांची. काही ठिकाणी ती हरी नारायण आपट्यांच्या नावावर चढलेली दिसते, पण ते १९१९ मध्येच वारले होते. नावांच्या उलटापालटीने किती श्रेय इकडचं तिकडे होतं! याच नारायण हरींच्या ‘न पटणारी गोष्ट’वरून पुढे ‘प्रभात’चा ‘कुंकू’ निघाला.

सावकारीचा विषय तेव्हाच्या मराठी प्रेक्षकाला समजावून सांगायची गरज नव्हती. बरोबर पन्नास वर्षांपूर्वी, १२ मे १८७५ला, पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावच्या बाजारात शेतकरी सावकारांवर तुटून पडले होते आणि दंगा पुणे-नगर भागात पसरला होता. त्यांचा रोख मुख्यतः कागदांवर होता. कर्जरोखे हिसकावायचे आणि जाळायचे. सरकारने चौकशी नेमली, १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदाही केला. रोखे जळाले, कायदा आला, तरी पाश काही सुटला नाही.

शेतकऱ्याच्या घरावर नाट्य रचण्याचा मान पेंटरांच्या आधी परदेशात डी. डब्ल्यू. ग्रिफिथकडे जातो. १९०९चा ‘अ कॉर्नर इन व्हीट’ हा जेमतेम चौदा-पंधरा मिनिटांचा मूकपट. एकीकडे गहू पेरणारं कुटुंब, दुसरीकडे सगळा गहू दाबून भाव चढवणारा व्यापारी. तो व्यापारी शेवटी धान्याच्या कोठारात पडून गव्हाखालीच गुदमरतो आणि शेतकरी पुन्हा पेरायला लागतो. मला हा न्याय जरा स्वस्त वाटतो. दुष्टाला गव्हानेच मारलं की प्रेक्षक समाधानाने घरी जातो. पेंटरांनी ती सोय ठेवली नाही. त्यांच्या माणसाच्या पायाखालून जमीनच काढून घेतली.

प्रेक्षकांनी चित्रपट उचलून धरला नाही. पेंटर परत पौराणिक-ऐतिहासिकाकडे वळले, १९२९ मध्ये शांताराम, दामले, फत्तेलाल हे सहकारी ‘प्रभात’ ही स्वतःची चित्रसंस्था काढायला बाहेर पडले आणि मूक ‘सावकारी पाश’ आज पाहायला मिळत नाही. पेंटरांनी मात्र विषय सोडला नव्हता. १९३६ साली त्यांनी तोच बोलपट म्हणून पुन्हा केला. अंधारातलं उदास झोपडं आणि कुत्र्याचं रडणं, हे ‘सावकारी पाश’चं बहुचर्चित दृश्य या बोलपटातलं. चित्रपट निर्माते जे. बी. एच. वाडियांच्या मनात ते घर करून बसलं होतं. मूकपट त्यांना अंधूकच आठवत होता. पुष्कळ लेखांत हे दृश्य बेधडक १९२५च्या खात्यावर मांडलेलं असतं. मूकपटात कुत्रं रडणार कसं, एवढा विचार करायला हरकत नव्हती!

पुढची पिढी सर्वांच्या ओळखीची. बिमल रॉयच्या ‘दो बीघा ज़मीन’मधला (१९५३) शंभू कलकत्त्यात रिक्षा ओढतो, म्हणजे पुन्हा गाव ते शहर. मेहबूबच्या ‘औरत’ (१९४०) आणि ‘मदर इंडिया’त (१९५७) मात्र घर गावातच तग धरतं आणि सावकार सुखीलाला वहीतलं गणित अडाण्यांना सांगत बसतो. मधल्या सतरा वर्षांत नायिका बदलली, रंग आला, गाणी बदलली. सुखीलाला दोन्ही वेळा कन्हैयालालच होते.