चांद्याच्या ताटातला इतिहास

जपानमधल्या ओसाका शहरात आलेला पाहुणा संध्याकाळ झाली की वाटाड्याला बरोबर घेऊन खायला निघतो. तिथे हा आता रीतसर धंदा झाला आहे. पुढे शहराची खडान्‌खडा माहिती असलेला माणूस, मागे पाच-दहा पाहुण्यांचा घोळका, आणि गल्लीबोळांतून हिंडत थोडे इथे, थोडे तिथे असे खाणे. वाटाड्या खाऊ घालता घालता शहराची गोष्ट सांगतो. ओसाकाला पूर्वी ‘देशाचे स्वयंपाकघर’ म्हणत. गावोगावच्या सरदारांचा तांदूळ नावांत भरून इथल्या कोठारांत येई. दोजिमा भागातल्या तांदळाच्या बाजाराला १७३० साली सरकारी मान्यता मिळाली आणि हातात नसलेल्या तांदळाचेही सौदे तिथे होऊ लागले. जगातल्या पहिल्या वायदेबाजारांत त्याची गणना होते. आज तिथल्या रस्त्यावर मिळणारे ताकोयाकी, म्हणजे ऑक्टोपसचा तुकडा घालून भाजलेले पिठाचे गोळे, १९३५ च्या सुमाराचे. साचा पाहिला तर आपल्या आप्पेपात्राचा भाऊच!

मला प्रश्न पडतो, अशी एक फेरी आपल्या चंद्रपुरात काढली तर? पाहुण्याला आपण काय खाऊ घालू? आणि खाऊ घालताना काय सांगू?

सुरुवात जटपुरा दरवाजापासून करावी. परकोटाला चार दरवाजे आहेत : जटपुरा, अचलेश्वर, पठाणपुरा आणि बिनबा. दरवाजांवर हत्तीला नमवणाऱ्या सिंहाचे गोंड राजचिन्ह कोरलेले आहे. खांडक्या बल्लाळशहा राजाने बल्लारपूरहून येऊन हे शहर वसवले, अशी परंपरा सांगते. झरपटच्या पाण्याने राजाचा त्वचारोग बरा झाला, मग एका सशाने कुत्र्याचा पाठलाग केलेला दिसला, आणि ज्या वाटेने ससा धावला त्या वाटेने तट बांधला, ही कथा चांद्याच्या प्रत्येक पोराने आजीकडून ऐकलेली असते.

पण खाण्याचा इतिहास सुरू होतो तो या दरवाजाच्या बाहेर, ताडोबाच्या रस्त्याला. तिथे तुकूम नावाची वस्ती आहे. रोज हजारो माणसे हा शब्द उच्चारतात. रिक्षावाले ओरडतात, पत्त्यावर लिहिला जातो. शब्दांशी खेळण्याची सवय असलेल्या माझ्यासारख्याला मात्र तो अडवून ठेवतो. गोंड राजवटीत जो कोणी तलाव बांधील त्याला त्या तलावाच्या पाण्याखाली येणारी जमीन देण्याची पद्धत होती. त्या देणगीला ‘तुकूम’ म्हणत. हे तलाव राजाने तिजोरीतून बांधले नाहीत. माणसांना जमिनीची हमी दिली आणि माणसांनी तलाव बांधले. कोहळी समाज तर या कामातला मोठा जाणकार. ब्रह्मपुरी, नागभीड, सिंदेवाहीच्या बाजूला आजही जे तलाव दिसतात, ज्यांना आपण माजी मालगुजारी किंवा थोडक्यात ‘मामा’ तलाव म्हणतो, त्यांच्यामागे ही जुनी हिकमत आहे. १९५० च्या कायद्याने मालगुजारी गेली, पण नाव पाण्याला चिकटून राहिले.

या तलावांनी झाडीपट्टीला धान दिले. धानाबरोबर मासे दिले आणि ढिवर बांधवांच्या हाती शिंगाड्याचे पीक दिले. दिवाळीच्या आसपास चांद्याच्या बाजारात उकडलेल्या शिंगाड्यांचे काळे ढीग दिसतात. पाहुण्याला पहिला घास त्याचाच द्यावा.

दरवाजातून आत शिरले की रस्ता सरळ गांधी चौकाकडे जातो. दोन्ही बाजूंनी संध्याकाळच्या गाड्या लागलेल्या असतात. आलूबोंडा, मूगभजी, तर्रीत बुडवलेला समोसा. इथेच कुठे सांबारवडी मिळाली तर पाहुण्याला जरूर खिलवावी आणि सांगावे की वऱ्हाड-झाडीत सांबार म्हणजे कोथिंबीर. पुण्या-मुंबईचा माणूस इथे फसतो. पण गंमत अशी की दोन पावलांवर इडली-डोशाची गाडी असते, आणि तिथला सांबार म्हणजे डाळीचा. एकाच रस्त्यावर दोन सांबार सुखाने नांदतात. हे कसे झाले?

याचे उत्तर रेल्वेत आणि कोळशात आहे. १८७० च्या दशकात वरोऱ्याला कोळसा निघू लागला. पुढे रूळ बल्लारपूरपर्यंत आले आणि १९२९ च्या सुमारास काझीपेठचा दुवा जोडला गेला. दिल्लीहून मद्रासला जाणारी वाट आपल्या दारावरून गेली. खाणी, मग बल्लारपूरची कागद गिरणी, मग वीज केंद्र. कामाला दक्षिणेकडून माणसे आली. तशी तेलुगू भाषा आपल्याला परकी नव्हतीच. सिरोंचा-अहेरीकडे ती घराघरांत आहे. पण इडलीचे भांडे चांद्याच्या चौकात मांडले गेले ते मजुराच्या सकाळच्या पाळीसाठी.

तसाच एक थर शहराच्या बाहेरच्या अंगाला आहे. बंगाली कॅम्प. पूर्व पाकिस्तानातून उखडलेली कुटुंबे १९६० च्या दशकात या भागात वसवली गेली. गडचिरोलीत चामोर्शी, मुलचेऱ्याकडे त्यांची गावेच्या गावे आहेत. ज्यांचे नदीकाठचे घर गेले, ते तलावांच्या मुलखात येऊन पडले. मोहरी वाटून केलेले त्यांचे मासे आणि आपल्या तलावांचे मासे यांची सोयरीक जमायला वेळ लागला नाही. फाळणीचा इतिहास पुस्तकात वाचायला जड जातो. तो इथे रसगुल्ल्याच्या पातेल्यात पाकात पोहताना दिसतो.

गांधी चौकातून गोल बाजाराकडे वळावे. रमजानच्या महिन्यात असरची नमाज झाली की मशिदीच्या आसपास खजूर, फळांचे काप, गरम भजी यांची झुंबड उडते. रोजा नसलेलेही त्या गर्दीत उभे असतात, आणि त्यांना कोणी हटकत नाही. आमच्या घरी सणाला दालचा शिजतो. दालचा दख्खनच्या मुसलमानांचा, पण त्याखालचा भात झाडीचा. वरोऱ्याकडे ज्वारी आणि कापूस, मूल-सिंदेवाहीकडे धान, आणि मधोमध चंद्रपूर. भाकरी आणि भात या शहरात एका ताटात भेटतात. त्यात धर्म विचारला जात नाही.

अचलेश्वर दरवाजाजवळ थोडे थांबावे. अठराव्या शतकाच्या आरंभी राणी हिराईने इथे पती बीरशहाची समाधी बांधली. महाकालीचे मंदिरही तिचेच. चैत्रात मराठवाड्यातून यात्रेकरू येतात, झरपटच्या काठी तीन दगडांच्या चुली मांडतात आणि गावाकडचे पीठ-मीठ शिजवतात. १७५१ मध्ये गोंडांचे राज्य नागपूरच्या भोसल्यांकडे गेले, १८१८ मध्ये इंग्रजांनी चांद्याचा किल्ला घेतला, राज्ये बदलली. या चुली मात्र दरवर्षी पेटतात. दुसरी मोठी पंगत ऑक्टोबरची. १६ ऑक्टोबर १९५६ रोजी बाबासाहेबांनी इथे धम्मदीक्षा दिली. त्या दिवसांत दीक्षाभूमीवर येणाऱ्यांसाठी भोजनदान चालते. ज्यांना शतकानुशतके पंगतीबाहेर बसवले, त्यांनी मांडलेली ही पंगत आहे. पाहुण्याने तिथे जेवावे आणि हेही समजून घ्यावे.

इथवर फेरी छान झाली. पण आपल्या पाहुण्याने विचारले की, तुमचा जिल्हा तर जंगलाचा. मग जंगलाचे काय खाल्ले आपण? तर काय सांगाल?

खरे सांगायचे तर काहीच नाही. पावसाळ्यात बांबूचे कोवळे कोंब, म्हणजे वास्ते, बाजारात येतात. वारुळावरच्या सात्या येतात, तरोटा येतो, उन्हाळ्यात चारं आणि टेंभरं येतात. पण ती गाडीवर नसतात. जमिनीवर फडके पसरून बसलेल्या बाईच्या टोपलीत असतात. तिला शेवटची एसटी गाठायची असते. शहराची खाण्याची वेळ संध्याकाळी सुरू होते आणि जंगलाची टोपली त्याआधीच उठते.

आणि मोहाचे तर आणखी वेगळे. वाळवलेली मोहफुले उकडून, तिळाबरोबर कुटून खाणे ही इथली जुनी रीत. १८९६-९७ आणि १८९९-१९०० च्या दुष्काळांत मध्य प्रांतातल्या रानातल्या माणसांना या फुलांनी तारले. पण सरकारला फुलात अन्न दिसले नाही, दारू दिसली. मुंबई इलाख्यात १८९२ साली खास मोहफुलांसाठी कायदा झाला होता. पुढे १९४९ चा दारूबंदी कायदा आपल्याकडेही लागू झाला आणि फुले साठवणे, नेणे यांवर परवान्याची बंधने आली. ती राज्य सरकारने २०२१ मध्ये सैल केली. मी स्वतः दारूला शिवत नाही. गडचिरोलीत १९९३ मध्ये आणि चंद्रपुरात १ एप्रिल २०१५ पासून दारूबंदी झाली, ती बायकांच्या दीर्घ लढ्यातून. चंद्रपूरची बंदी २०२१ मध्ये उठली, तरी त्या बायकांचे अश्रू खोटे नव्हते. पण दारू वेगळी आणि फूल वेगळे. पिढ्यान्‌पिढ्या जे खाल्ले ते लपवून ठेवायची वेळ आली, तर माणूस हळूहळू स्वतःच्या जेवणाची लाज बाळगू लागतो. भामरागडची पोरे वसतिगृहात आली की घरी काय खाता हे सांगायला कचरतात, ते याचमुळे.

चित्र बदलत नाही असे नाही. २००६ च्या वनहक्क कायद्याखाली धानोरा तालुक्यातल्या मेंढा-लेखा गावाला २००९ मध्ये जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. २०११ मध्ये बांबूच्या वाहतुकीचा परवाना देण्याचा अधिकारही ग्रामसभेकडे आला. ज्या बांबूचा कोंब भाजीत पडतो, तो बांबू विकण्याचा हक्क गावाला मिळवायला स्वातंत्र्यानंतर साठहून अधिक वर्षे लागली.

शेवटचा घास साध्या भाताचा असावा. एचएमटी तांदळाच्या. हा तांदूळ अनेक राज्यांत पिकतो, पण त्याचा जन्म नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावचा. जेमतेम तिसरी शिकलेले दादाजी खोब्रागडे यांनी १९८३ साली आपल्या दीड एकरात काही वेगळ्या लोंब्या हेरल्या, त्यांचे बी जपले, वर्षानुवर्षे निवडले. त्या काळच्या लोकप्रिय घड्याळाचे नाव बाजाराने त्या धानाला दिले. देशाच्या ताटात भात आला. त्यांच्या घरात पैसा आला नाही. ३ जून २०१८ रोजी ते गेले. घड्याळाच्या कंपनीचे नाव तांदळाच्या पोत्यावर राहिले, शेतकऱ्याचे राहिले नाही.

ओसाकाचा वाटाड्या ताकोयाकी कोणी केली तेही पाहुण्याला सांगतो. आपल्याला दादाजींचे नाव सांगता यायला हवे. त्यासाठी जपानला जायला नको. उद्या बाजारात जाल तेव्हा दुपारी जा, टोपलीवाली उठायच्या आत. वास्ते कसे शिजवायचे ते तिलाच विचारा. ती सांगेल, आणि तुम्ही विचारलेत म्हणून दोन कोंब जास्त टाकील.

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)