'काँग्रेस गवत' : एका नावाचा आणि एका विषारी तणाचा इतिहास

मराठी मुलखातील गायराने, माळराने, पडीक जमिनी आणि रस्त्यांच्या कडा गेल्या सात दशकांत ज्या एका परकी वनस्पतीने व्यापिल्या, तिचे शास्त्रीय नाव पार्थेनियम हिस्टरोफोरस. लोकभाषेत तिला 'काँग्रेस गवत', 'गाजर गवत' व क्वचित् 'पांढरफुली' असे म्हणतात. यांपैकी पहिल्या नावाला एक हकीकत जोडलेली आहे. अमेरिकेकडून 'पी. एल. ४८०' या योजनेखाली आलेल्या गव्हातून तिचे बी या देशात शिरले, आणि त्या काळी काँग्रेसची राजवट असल्याने तणालाही तेच नाव पडले, अशी ती हकीकत. ती इतक्या वेळा सांगितली गेली आहे की आता ती सिद्ध इतिहासच समजली जाते. ही हकीकत कालक्रमाच्या कसोटीला उतरते काय, आणि लोकांनी दिलेल्या नावांनी या वनस्पतीविषयी काय सांगितले व काय सांगावयाचे राहून गेले, या दोन प्रश्नांचा विचार येथे कर्तव्य आहे. दुसऱ्या प्रश्नाचा संबंध चरणाऱ्या गुरांच्या जिवाशी आहे.

प्रथम कालक्रम पाहू. आधुनिक भारतातील या वनस्पतीची सर्वांत प्रसिद्ध नोंद आर. एस. राव या वनस्पतिशास्त्रज्ञांची आहे. १९५५ मध्ये पुण्यात आढळलेल्या या वनस्पतीची माहिती त्यांनी १९५६ साली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात भारतासाठी नवी नोंद म्हणून प्रसिद्ध केली. पुढील काही लेखनात पुण्याच्या उकिरड्यांवरील तिचे दर्शन १९५१ इतके मागे नेलेले आहे. उलटपक्षी, ज्या अमेरिकी कायद्यावरून 'पी. एल. ४८०' हे नाव रूढ झाले तो कायदा जुलै १९५४ चा आहे, आणि त्याखाली भारताशी पहिला करार झाला तो ऑगस्ट १९५६ मध्ये. म्हणजे ज्या गव्हाला दोष दिला जातो त्याचा करार होण्यापूर्वीच वनस्पती पुण्यात उगवलेली होती. कार्य कारणाच्या आधी घडत नाही, एवढा साधा नियम लावला तरी प्रचलित हकीकत तिच्या रूढ स्वरूपात टिकत नाही.

याचा अर्थ आयात धान्याचा काहीच संबंध नसावा, असा मात्र नव्हे. १९५१ साली अमेरिकेने भारताला धान्यखरेदीसाठी १९ कोटी डॉलरचे कर्ज दिले होते, आणि त्यातून सुमारे २० लाख टन धान्य यावयाचे होते. त्या धान्यातून बी आले असणे शक्य आहे. परंतु शक्यता म्हणजे पुरावा नव्हे. शिवाय 'नवी नोंद' हे शब्दही जपूनच वाचावे लागतात. विल्यम रॉक्सबर्ग यांच्या कलकत्त्याच्या वनस्पति-उद्यानासंबंधीच्या १८१४ च्या सूचीत हे नाव आढळते, आणि डेहराडूनच्या वनस्पतिसंग्रहात १८८० चा एक नमुना असल्याचे पुढील अभ्यासकांनी दाखवून दिले आहे. तेव्हा वनस्पती भारतात प्रथम केव्हा आली हा एक प्रश्न, आणि ती अनावर होऊन केव्हा पसरली हा दुसरा. लोकांच्या स्मरणात दुसरी घटना राहिली, आणि तिलाच त्यांनी पहिलीची तारीख दिली.

या संदर्भात ऑस्ट्रेलियातील क्वीन्सलंड प्रांताचे उदाहरण उद्बोधक आहे. तेथेही ही वनस्पती १९५५ मध्येच नोंदली गेली. परंतु तिचा खरा उपद्रव झाला तो १९६० च्या सुमारास क्लरमाँट परिसरात झालेल्या दुसऱ्या प्रवेशापासून. हा प्रवेश टेक्ससहून आणलेल्या कुरणाच्या गवताच्या बियांतून झाला. कुरण सुधारण्यासाठी मागविलेल्या बियांनीच कुरणाचा शत्रू आणला. तेथे बियांचा माग लागला म्हणून मार्ग सांगता येतो. पुण्याच्या बाबतीत तसा माग हाती नाही, आणि त्या रिकाम्या जागी एक नाव येऊन बसले आहे.

नावाची दुसरी एक उपपत्तीही सांगतात. या वनस्पतीच्या शेंड्यावर येणारे पांढऱ्या फुलांचे झुबके दुरून पांढऱ्या टोप्यांसारखे दिसतात, म्हणून ते 'काँग्रेस गवत'. हिंदीत हिला 'सफेद टोपी' असेही नाव आहे, ही गोष्ट या उपपत्तीस पोषक आहे. कन्नडातही 'काँग्रेस गिड' हे नाव रूढ आहे. दोहोंपैकी मूळ कोणते हे ठरविणे कठीण असले तरी रूपसादृश्यावरून आधी नाव पडले आणि गव्हाची कथा त्याला मागाहून चिकटली, हा क्रम अधिक संभवनीय वाटतो. नावाचे कारण विसरले की कारण शोधणारी कथा जन्मते. स्थलनामांच्या अभ्यासकांना हा अनुभव नित्याचा आहे.

परकी वनस्पतींच्या मराठी नावांकडून भूगोलाची अपेक्षा करणे मुळातच धोक्याचे असते. 'विलायती चिंच' मेक्सिको व मध्य अमेरिकेकडील आहे. तिचा इंग्लंडशी जन्मसंबंध नाही. येथे 'विलायती' या पदाचा अर्थ 'आपल्याकडची नव्हे' एवढाच. त्याचप्रमाणे 'काँग्रेस' हे पद या वनस्पतीचे मूळस्थान सांगत नाही. नाव ठेवणाऱ्या पिढीच्या डोळ्यांपुढे काय होते, तेवढेच सांगते. नाव हा पुरावाच आहे, पण तो नाव ठेवणाऱ्याविषयीचा.

यापेक्षा गंभीर दोष 'गाजर गवत' या निरुपद्रवी दिसणाऱ्या नावात आहे. पाने गाजराच्या पानांसारखी चिरलेली असतात म्हणून पूर्वपद आले. परंतु वनस्पती गाजराच्या कुलातील नाही, ती सूर्यफुलाच्या कुलातील आहे. आणि गवत तर ती मुळीच नव्हे. समासातील दोन्ही पदे अशा रीतीने वस्तुस्थितीशी विसंगत आहेत. पूर्वपदाची चूक निर्दोष आहे. उत्तरपदाची तशी नाही. शेतकऱ्याच्या भाषेत 'गवत' या शब्दाला दोन अर्थच्छटा आहेत. पिकात माजलेले ते गवत, जे उपटून टाकावयाचे. आणि माळावर उगवलेले ते गवत, जे गुरांनी खावयाचे. पहिल्या अर्थी 'गवत' म्हणजे तण, दुसऱ्या अर्थी चारा. पार्थेनियम शेतात असते तेव्हा पहिला अर्थ योग्य ठरतो. तेच गायरानात उतरले की शब्द तोच राहतो आणि दुसऱ्या अर्थाची छाया त्यावर पडते.

वस्तुतः ही वनस्पती चारा म्हणून घातक आहे. तिच्यातील पार्थेनिन या कडू द्रव्यामुळे गुरे सहसा तिला तोंड लावीत नाहीत. परंतु दुष्काळात दुसरे हिरवे काही उरत नाही तेव्हा, किंवा कापलेल्या वैरणीच्या पेंढीत ती मिसळून आली म्हणजे, निवड करण्याची संधीच जनावराला राहत नाही. बंगळूर येथील नरसिंहन् व त्यांच्या सहकाऱ्यांनी गुरे व म्हशींवर केलेले प्रयोग १९७७ मध्ये प्रसिद्ध झाले. आहारात या वनस्पतीचे प्रमाण १० ते ५० टक्के झाल्यास जनावर दगावू शकते, असे त्यांत आढळले. कातडीचा दाह, केस झडणे, रंग उडणे व हगवण ही लक्षणे दिसतात. यकृत व मूत्रपिंड यांना इजा पोहोचते. जनावर वाचले तरी दुधाला कडवटपणा येतो. माणसांनाही हिच्या संसर्गाने त्वचारोग जडतो, हे लोणकर, मिचेल व कॅलनन यांनी १९७४ मध्ये नोंदविले होते. याखेरीज अप्रत्यक्ष हानी वेगळीच. एक झाड हजारोंनी बी टाकते, मुळांतून व पानांतून आसपासच्या वनस्पतींची वाढ रोखते, आणि खऱ्या गवताची जागा बळकावते. विषबाधा न होताही कुरण उपाशी ठेवते.

याच्याशी 'घाणेरी' या नावाची तुलना करण्यासारखी आहे. घाणेरी अथवा टणटणी हीही अमेरिका खंडातील. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी शोभेची म्हणून कलकत्त्यास आणलेली, आणि पुढे सह्याद्रीच्या रानांत पसरलेली. तिच्यातील लँटाडीन या द्रव्यांनी गुरांचे यकृत बिघडते, कावीळ होते व उन्हात कातडी सोलवटते. परंतु तिचे मराठी नाव तिच्या उग्र वासावरून पडले आहे आणि त्यात तिरस्कार आहे. ऐकणारा आपोआप सावध होतो. पार्थेनियमच्या नावांत एक राजकीय आठवण आहे, एक साम्य आहे, एक रंग आहे. सूचना मात्र एकातही नाही.

१९८३ मध्ये या तणाच्या नियंत्रणासाठी झायगोग्रामा बायकोलोराटा नावाचा कीटक मेक्सिकोहून बंगळूरला आणण्यात आला आणि पुढील वर्षी मोकळा सोडण्यात आला. पावसाळ्यात तो या वनस्पतीची पाने फस्त करतो. त्याला आपल्याकडे 'मेक्सिकन भुंगा' म्हणतात, आणि हे नाव भूगोलाच्या दृष्टीने अचूक आहे. सरकारी प्रयत्नांतून व कागदोपत्री आलेल्या कीटकाचे मूळस्थान नावात उतरले. उकिरड्यावर न बोलावता उगवलेल्या वनस्पतीचे उतरले नाही.

रावांची नोंद आणि बंगळूरचे प्रयोग यांच्या प्रसिद्धीत २१ वर्षांचे अंतर आहे. या काळात लोकभाषेने वनस्पतीला नाव दिले, नावाला कथा दिली, आणि 'हे कोणी आणले' हा प्रश्न जिवंत ठेवला. 'हे गुरांचे काय करते' या प्रश्नाला त्या नावात जागा नव्हती. इतिहासाच्या अभ्यासकाने पहिल्या प्रश्नाचे रूढ उत्तर तपासून घ्यावे. आणि गावोगावच्या पशुपालकांसाठी जे लेखन होते त्यात रूढ नावाशेजारी 'विषारी तण' हे दोन शब्द यावेत. रूढ नाव बदलणे कोणाच्या हाती नसते. परंतु वैरणीची पेंढी सोडताना 'गवतच आहे' म्हणून जो हात पुढे जातो, तो या दोन शब्दांनी क्षणभर थांबू शकेल.