बीड जिल्ह्यातील स्थानिक पत्रकारिता

मराठवाड्यातील बीड जिल्ह्याच्या 11 तालुक्यांतील वृत्तपत्रे व वार्ताहर यांचा व्यवहार. निजामी राजवटीत वृत्तपत्रांवर कडक बंधने होती. जिल्ह्यातील पत्रकारितेला मोकळीक मिळाली ती 1948 नंतर. बीडची ‘झुंजार नेता’ व ‘चंपावतीपत्र’ आणि मुकुंदराजांच्या ग्रंथाचे नाव घेतलेले अंबाजोगाईचे ‘विवेकसिंधू’ ही येथील परिचित दैनिके.

अंकांची संख्या आजही कमी नाही. आटली आहे ती बातमीदारी. तालुका वार्ताहराला सहसा पगार नसतो, जाहिरातीवर कमिशन असते. बातमी, अंकाची वसुली आणि नेत्याच्या वाढदिवसाची पुरवणी हे सारे एकाच माणसाकडे. पुरवणीला पैसे देणारे बरेचदा तेच ठेकेदार, कारखानदार आणि संस्थाचालक, ज्यांच्या कामाची बातमी व्हायला हवी. एप्रिल 2020 मध्ये टाळेबंदीत घरपोच वाटपावर बंदी आली आणि अंकाची पीडीएफ व्हॉट्सॲपवर फुकट फिरू लागली. विक्रीचा उरलासुरला आधारही खचला.

परिणाम गावपातळीवर दिसतो. रस्त्याच्या भूमिपूजनाचा फोटो छापून येतो. बिल निघाले तेव्हा खडी किती पडली होती, हे पाहायला कोणी जात नाही. पंचायत समितीच्या बैठकीत शेवटपर्यंत बसणारा वार्ताहर दुर्मीळ झाला. प्रेसनोट मात्र वेळेवर येते.

याची सर्वांत वेदनादायक खूण ऊसतोड महिलांच्या प्रश्नात सापडते. ‘पिशवी काढली’ हे शब्द तांड्यातांड्यावर ऐकू येत होते. पाळीच्या दिवसांत खाडा पडला की मुकादम दंड कापतो, म्हणून तरुण बायका गर्भाशय काढून घेत होत्या. राज्यभर खळबळ उडाली ती 2019 मध्ये, एका राष्ट्रीय इंग्रजी दैनिकाने वृत्तांत दिल्यावर. जिल्ह्यात तीन वर्षांत गर्भाशय काढण्याच्या एकूण 4,605 शस्त्रक्रिया झाल्याचे त्या जूनमध्ये सरकारने विधान परिषदेत सांगितले. इतका मोठा आकडा जिल्ह्यातच वर्षानुवर्षे मोजला जायला हवा होता. त्यासाठी रुग्णालयांच्या नोंदी मागत फिरणारा, पगारी, निर्धास्त बातमीदार लागतो.

जिल्हा परिषदेची मुदत मार्च 2022 मध्ये संपली, प्रशासक आले आणि निवडणूक लांबत गेली. सर्वसाधारण सभेत सदस्य भांडत, त्यातून निदान निधीवाटपाची माहिती बाहेर पडे. तो झराही आटल्यावर कोणत्या गटाला किती निधी गेला, हे गावकऱ्याला माहिती अधिकाराचा अर्ज करूनच विचारावे लागते.