चित्रफितीची साक्ष

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी, अशोक विजयादशमीच्या दिवशी, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आपल्या याच नागपुरात महास्थवीर चंद्रमणींच्या हस्ते बौद्ध धम्माची दीक्षा घेतली. त्यानंतर अवघ्या ५३ दिवसांनी, ६ डिसेंबरला, दिल्लीत त्यांचे महापरिनिर्वाण झाले. दुसऱ्या दिवशी मुंबईत निघालेली अंत्ययात्रा साहित्यिक व चित्रपट-व्यावसायिक नामदेव व्हटकर यांनी पदरमोड करून चित्रित केली. लोटलेला जनसमुदाय, दादरच्या चौपाटीकडे सरकणारी ती यात्रा, हे सारे पुढच्या पिढ्यांनी डोळ्यांनी पाहावे, ही त्यांची दृष्टी होती. इतिहास केवळ बखरीत व दप्तरात राहत नाही, तो चित्रफितीतही राहतो, हे आपण यावरून ओळखले पाहिजे.

अशा जुन्या फितींवरच पुढे मोठे अनुबोधपट उभे राहतात. ए. के. चेट्टियार यांनी देशोदेशी हिंडून गांधीजींची चित्रणे गोळा केली आणि १९४० मध्ये त्यांचा चित्रपट केला. विठ्ठलभाई झवेरी यांचा पाच तासांहून मोठा ‘महात्मा’ हा १९६८ चा अनुबोधपटही अशाच संग्रहातून सिद्ध झाला. येथे निर्मात्याचे काम चित्रण करण्याचे नव्हे, तर शोधण्याचे, पारखण्याचे आणि जुळवण्याचे असते.

पारख न केल्यास मात्र फसगत होते. मूकपटांचे चित्रण पुष्कळदा सेकंदाला १६ ते १८ चित्रे या वेगाने होई. बोलपटाच्या यंत्रावर ते २४ च्या वेगाने दाखविले, की थोर पुरुषही लगबगीने धावल्यासारखे दिसतात आणि प्रेक्षक हसतात. दोष त्या पुरुषांचा नव्हे, दाखविणाऱ्याचा. दादासाहेब फाळके यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’ची म्हणून दाखविली जाणारी दृश्येही १९१७ च्या पुनर्निर्मितीतील असावीत, असे अनेक अभ्यासक मानतात. फितीवरील चिठ्ठी म्हणजे पुरावा नव्हे.

आणि फीतच उरली नाही तर? १९०१ मध्ये रँग्लर परांजपे विलायतेहून परतले, तेव्हा सावेदादांनी त्यांच्या स्वागताचे चित्रण केले होते. ते आज उपलब्ध नाही. जुनी नायट्रेटची फीत भराभर पेट घेते, आणि तशीच ठेवली तरी कालांतराने कुजते. १९६४ मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले, पुष्कळ ठेवा वाचला. तरी ८ जानेवारी २००३ च्या आगीत तेथील नायट्रेटच्या अनेक फिती भस्मसात झाल्या.

तेव्हा हे काम केवळ सरकारचे नाही. आपल्या घरच्या कपाटात एखादे जुने रीळ असेल, त्यात आजोबांच्या लग्नाच्या वरातीमागे सीताबर्डीचा जुना रस्ता दिसत असेल. ते रद्दीत टाकू नका. डब्यावर स्थळ, दिवस व माणसांची नावे लिहा आणि ते जाणत्याच्या हाती द्या. नामदेवरावांनी पदराला खार लावून जे केले, त्या मानाने हे कष्ट फारच थोडे आहेत.